काकू, जरा बाजूला

मी तिला भाभी म्हणते आणि ती मला वहिनी म्हणते. दोन्हीचा अर्थ एकच, भावाची बायको. आमचा तो भाऊ कोण, हे आम्ही एकमेकींना कधी विचारलं नाही. मी लग्न होऊन पनवेलच्या या आळीत आले, त्याच्या पुढच्याच वर्षी ती उरणहून शेजारच्या घरात सून म्हणून आली. तेव्हापासून आमच्यामध्ये एक भिंत आहे, तीसुद्धा सामाईक. तिच्याकडे सुकट भाजली की वास माझ्या स्वयंपाकघरात, आणि माझ्याकडे भांडण झालं की शब्दन् शब्द तिच्या स्वयंपाकघरात. नवरे दोघींचेही गेले. माझा मुलगा पुण्याला असतो, तिचा कुवेतला.

तिच्या घरामागे एक बिल्डर हात धुऊन लागला होता. तिचा मुलगा म्हणे, विकून टाकू. घर गळतं, तू एकटी, न्हाणीत पाय घसरून पडलीस तर कोण आहे? शेजारी मी आहे, हे त्याच्या ध्यानात आलं नाही याचा मला राग आला. पण पोरगा चुकीचं बोलत नव्हता. माझे गुडघे मलाच उचलत नाहीत, मी तिला काय उचलणार.

आधी त्याचा विचार होता की नवीन पनवेलला नाहीतर खारघरला फ्लॅट घ्यायचा, म्हणजे तिला रिक्षाने इकडे येऊन-जाऊन राहता येईल. फोन करायचं काम माझ्याकडे आलं, कारण माझं तोंड चालतं. खारघरच्या एका सोसायटीतला फ्लॅट मी विचारला तेव्हा रिकामा होता, हवेशीर होता, कधीही बघायला या, असं होतं. नाव काय लिहू, असं फोनवरच्या माणसाने विचारल्यावर मी तिचं नाव सांगितलं. संध्याकाळी कळलं की तो फ्लॅट दुपारीच गेला. मग आणखीही बरेच फ्लॅट असे दुपारीच गेले. शेवटी मुलाने तळोज्याला अकराव्या मजल्यावरचा एक पाहिला. तिथे कारखान्यांचा वास येतो, पण आपली माणसं आहेत, असं तो म्हणाला.

"आपली म्हंजे कोन रे?" भाभी त्याला फोनवर म्हणाली. "माजी मानसा तर हितंच हायत."

हे मी भिंतीपलीकडून ऐकलं आणि माझा जीव भांड्यात पडला. मुलगाही दुष्ट नव्हता. अम्मी नको म्हणाली तर मी बिल्डरला नको सांगतो, असं त्याने कबूल केलं होतं. फक्त शुक्रवारी नमाज झाल्यावर फोन करीन, तेव्हा काय ते एकदाच पक्कं सांग. म्हणजे शुक्रवारच्या आत तिच्याकडून एक 'नको' पक्का करून घ्यायचा, एवढंच माझं काम उरलं होतं.

त्याच आठवड्यात वाण्याच्या दुकानात एक रंगीत पत्रक लावलेलं दिसलं. 'जुन्या पनवेलची दोन तासांची सफर, गाइडसह. एक गाव, अनेक धर्म.' मी मनात म्हटलं, वा! लोक सुट्टीच्या दिवशी पैसे देऊन आपली आळी बघायला येतात हे भाभीने डोळ्यांनी पाहिलं, तर घर विकायचा विचार तिच्या मनात उभासुद्धा राहणार नाही. दोघींची नावं मीच दिली. ती हसायला लागली. म्हणाली, मच्छी मार्केट कुठं आहे ते बघायला आता गाइड लागणार होय? पण रविवारी सकाळी ठेवणीतली साडी नेसून तयार होती.

गाइड म्हणजे खारघरच्या कॉलेजातून नुकतीच बाहेर पडलेली मुलगी. कॉलरला छोटा माइक, कमरेला स्पीकर, डोक्यावर टोपी. आम्ही दोघी सोडून सगळे बाहेरचे. बरेचसे खारघरच्या टॉवरमधले, आणि एक जोडपं नेऱ्याच्या फार्महाउसवरून गाडीने आलेलं. गाडी लावायला जागा नाही म्हणून ते येतानाच वैतागले होते. तलावापासून सुरुवात झाली. मुलीने अभ्यास चांगला केला होता, हे कबूल करायला पाहिजे. इथे बंदर होतं. इथे मिठाचा व्यापार होता. इथे पारशी होते. इथे तांदळाची वखार होती. मी भाभीच्या कानात म्हटलं, हिला 'आहे' हा शब्द शिकवलाच नाही वाटतं कोणी. भाभी तोंडाला पदर लावून हसली. तोवर आमचं बरं चाललं होतं.

मग ज्यूंच्या सिनेगॉगपाशी थांबलो. जुने लोक अजून त्याला इस्राईल मशीदच म्हणतात. मुलगी सांगत होती की बेने इस्राईल लोक तेलाचे घाणे चालवायचे, शनिवारी घाणा बंद ठेवायचे, म्हणून त्यांना शनिवार तेली म्हणायचे. मग हळूहळू सगळे इस्राएलला निघून गेले. लोकांनी माना डोलावल्या आणि फोटो काढले. भाभी मात्र माझ्याजवळ सरकली. हळूच म्हणाली, पाटा त्यांचाच ना.

तिच्या अंगणातल्या पाट्याबद्दल ती बोलत होती. आमच्या आळीत एक इस्राईल म्हातारी राहायची. आम्ही दोघी सुना म्हणून यायच्या आधीची गोष्ट ही. इस्राएलला मुलींकडे जायला निघताना तिने आपला पाटा-वरवंटा भाभीच्या सासूच्या अंगणात आणून ठेवला आणि म्हणाली, आल्यावर नेईन. ती आली नाही. सासू होती तोवर त्याला 'तिचा पाटा' म्हणायची. त्यावर भाभीच्या घरचं वाटण वाटलं गेलं, आणि माझ्याही घरचं, कारण माझा वरवंटा चिरला होता. माझ्या मुलाच्या बारशाला पाळण्याभोवती फिरवायला वरवंटा हवा होता, चिरलेला चालत नाही म्हणून माझ्या सासूबाई अडून बसल्या, तेव्हा भाभीने तिचा आणून दिला. नुसता नाही दिला. स्वच्छ धुऊन, पुसून, स्वतः शिवलेलं टोपडं घालून दिला. गोविंद घ्या, गोपाळ घ्या करत आम्ही त्या इस्राईल म्हातारीचा दगड पाळण्याखालून फिरवला आणि भाभी आमच्याबरोबर हात पुढे करून तो घेत होती.

मला वाटलं, हे आत्ताच्या आत्ता त्या मुलीला सांगावं. तिच्या पत्रकावरच्या सगळ्या धर्मांचं एका दगडात काम झालं असतं. मी हात वर करणार तेवढ्यात भाभीने माझं मनगट धरलं. नको, म्हणाली. त्या आठवड्यात तिच्या तोंडून मी ऐकलेला हा एकच नको.

शेवटी मंडळी आमच्या आळीत शिरली. माझ्या घराला मुलाने दर्शनी भागात टाइल्स लावून घेतल्यात, त्यामुळे वारशातून मी बाद. मुलगी थेट भाभीच्या दारापुढे जाऊन उभी राहिली. दाराला कुलूप होतं, कारण घरातलं सगळं माणूस, म्हणजे भाभी, सफरीला आलेलं होतं. भिंतीवर बिल्डरने घाईघाईने आधीच लावून टाकलेला फलक होता. त्या पोरीला तरी काय कळणार.

"तर हा दरवाजा बघा सगळ्यांनी," ती म्हणाली. "बर्मा टीक आहे, कार्व्हिंग ओरिजिनल आहे. इथे एक कोकणी मुस्लिम व्यापारी फॅमिली राहत होती. आता इथे टॉवर येतोय, सो हे बघायचा हा लास्ट चान्स आहे."

किल्ली भाभीच्या पर्समध्ये होती. सकाळी भिजत घातलेले हरभरे आत होते. दोरीवर तिचा टॉवेल वाळत होता, तो खिडकीतून दिसत होता. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. अगं बाई, राहत होती काय, ही काय तुझ्यासमोर उभी आहे, असं म्हणायला मी तोंड उघडलं. तेवढ्यात कॅमेरा गळ्यात अडकवलेला एक मुलगा अगदी आदबीने भाभीला म्हणाला,

"काकू, जरा बाजूला होता का? दरवाजा पूर्ण येत नाहीये."

आणि भाभी झाली बाजूला. नुसती नाही झाली. त्याला नीट फोटो मिळावा म्हणून पायरीवरच्या आपल्या चपलासुद्धा तिने पायाने सारून भिंतीकडे केल्या. मग समोरच्या बाजूला मंडळींमध्ये जाऊन उभी राहिली आणि बाकीच्यांसारखी आपल्या घराकडे बघत राहिली. बराच वेळ बघितलं तिने. इतक्या वर्षांत समोरून असं कधी बघायला मिळालं नव्हतं, असं काहीतरी म्हणाली. नेहमी वटवट करणारी मी, नेमकी तेव्हाच मुकी झाले.

मंडळी टाळ्या वाजवून पांगली. भाभीने कुलूप काढलं, चहा टाकला, हरभरे उपसून फडक्यात बांधले. मी भडाभडा बोलत होते. पोरीला अक्कल नाही, तिच्या संस्थेला मी फोन करते, पत्रक छापणाऱ्यांना खडसावते. भाभीने ऐकून घेतलं. मग कप माझ्यापुढे सरकवून म्हणाली,

"वहिनी, ती पोर खोटा नाय बोलली. मीच उगाच हितं बसून ऱ्हायलंय."

मी म्हटलं, शुक्रवारी तू नको म्हणणार आहेस. तिने फडक्याची गाठ सोडून पुन्हा बांधली. मग अंगणाकडे हात करून म्हणाली,

"पाटा तू घेऊन जा. तितं आवाज झाला तर खालचे लोक बोंबलतील."

मी विचारलं, आल्यावर नेशील ना? तिने माझ्याकडे असं पाहिलं की विचारायलाच नको होतं असं मला झालं. त्या म्हातारीचं काय झालं ते आम्हा दोघींना ठाऊक होतं. मी रडले. ती रडली नाही, आणि त्याचंच मला जास्त लागलं. जिला रडू येतं तिचं मन अजून वळवता येतं.

शुक्रवारी भिंतीपलीकडून मला एवढंच ऐकू आलं, "बरा. तू बोलतो तसा." पाटा दोन हमालांनी माझ्या अंगणात आणून ठेवला. मी त्याच्यावर अजून काही वाटलेलं नाही. हात लावायचं धाडस होत नाही. माणसं अशीच जातात, कोणी ढकलत नाही, कोणी भांडत नाही, फक्त जरा बाजूला व्हायला सांगतात. आणि आपण सोबत उभे असून काही करू शकत नाही, हे मला या वयात कळलं. कळून उपयोग शून्य.

काल त्या गाइड मुलीचा फोन आला. सगळ्यांनाच करतात म्हणे, सफर कशी वाटली ते विचारायला. मी तिला झाडायचं ठरवून ठेवलं होतं. पण ती इतक्या प्रेमाने बोलत होती की माझी धारच गेली. छान होती, म्हटलं. तिने विचारलं, आणि तुमच्याबरोबर त्या दुसऱ्या काकू होत्या, शांत शांत, त्या कोण? त्यांचा नंबर मिळेल का?

मी म्हटलं, "त्या आमच्या शेजारी राहायच्या."

ती बरं म्हणाली आणि तिने फोन ठेवला. भिंतीपलीकडे भाभीच्या नव्या मिक्सरचा आवाज चालू होता.