बाटलीतल्या सॉसची दुरुस्ती

माझ्या हाताला चव नाही. हे मी विनयाने नाही, अनुभवाने सांगते. माझ्या हातचा चहा घेतला की पाहुण्यांना अचानक कुठेतरी जायचं आठवतं. लग्न ठरत होतं तेव्हा आईने सासूबाईंना बाजूला घेऊन विचारलं होतं, "मुलीला स्वयंपाकातलं काही येत नाही, चालेल ना?" सासूबाई म्हणाल्या, "आमच्याकडे मुलगा करतो." त्या एका वाक्यावर मी सव्वीस वर्षं आयतं खाल्लं.

मुलगा म्हणजे माझा नवरा. एका मोठ्या कार्यालयाच्या कँटीनमध्ये तो मुख्य स्वयंपाकी आहे. रोज तीनशे माणसं जेवतात. लांब दांड्याचा चमचा घेऊन तो एकेका पातेल्यापाशी थांबतो, चव घेतो आणि हाताखालच्या लोकांचा उद्धार करतो. तिथे सगळे त्याला उस्ताद म्हणतात. घरीही तोच खाक्या. आजवर त्याने कुणाच्या हातच्या पदार्थाला चांगलं म्हटलेलं मी ऐकलेलं नाही, स्वतःच्याही नाही. स्वारी फारच खूश असली तर "खाण्यासारखं आहे" एवढं म्हणायची.

मी रंगाच्या दुकानात रंग जुळवून देते. गिऱ्हाईक भिंतीचा पोपडा घेऊन येतं, उशीचा अभ्रा घेऊन येतं, एक बाई तर गेलेल्या मांजराचा फोटो घेऊन आल्या होत्या, आणि म्हणतं, अस्साच पाहिजे. दुकानात मशीन आहे. मशीन पोपडा बघून आकडे देतं आणि मी मशीनच्या चुका काढते. पांढऱ्यात दोन थेंब पिवळा, अर्धा थेंब काळा. लाल फार भडकला तर किंचित हिरवा घालून त्याला खाली बसवायचं. आणि ओल्या रंगावर कधीही विश्वास ठेवायचा नाही. पांढऱ्या कार्डावर बोटभर फासायचा, केस वाळवायच्या ड्रायरने वाळवायचा, मगच हो म्हणायचं. या कामात माझा हात धरणारं कुणी नाही असं मालक म्हणतात. मीही म्हणते. जरा जास्तच वेळा म्हणते.

दीड महिन्यापूर्वी नवऱ्याला ताप आला. साधाच होता, चार दिवसांत उतरला, पण जाताना वास आणि चव दोन्ही घेऊन गेला. ताप उतरला त्या सकाळी त्याने अंड्यावर मीठ घातलं, एक घास खाल्ला, परत मीठ घातलं. मग चमचाभर मीठ नुसतंच जिभेवर टाकलं आणि माझ्याकडे बघितलं. तो चेहरा मी जन्मात विसरणार नाही. डॉक्टर म्हणाले, येईल परत. काहींना पंधरा दिवसांत येते, काहींना वर्ष लागतं.

"आणि काहींना?" त्याने विचारलं.

डॉक्टर कागदावर काहीतरी लिहायला लागले.

कँटीनच्या मॅनेजरने महिन्याभराची रजा दिली, वर पंधरा दिवस वाढवूनही दिली. त्यातच एक दिवस गॅसवर दूध करपलं. वास जिन्यापर्यंत गेला, वरच्या मजल्यावरची शेजारीण धावत आली, आणि उस्ताद गॅसपासून चार हातांवर पेपरात डोकं घालून बसलेले. त्या दिवशी त्याने एप्रन काढून खुंटीला लावला आणि मला म्हणाला, "आता चूल तुझी." मी घाबरले. अर्धी त्याच्या काळजीने आणि अर्धी चुलीच्या भीतीने.

काळजी करण्यासारखंच होतं. त्याने जेवण जवळजवळ सोडलं होतं. कापूस चावल्यासारखं वाटतं म्हणायचा. पट्ट्याला दोन नवी भोकं पाडावी लागली. मग एका संध्याकाळी, टीव्हीवरची नजर न हलवता, त्याने जाहीर केलं, "सोमवारी मॅनेजरला सांगून येतो, माझ्या जागी दुसरा बघा म्हणून. चव न कळणारा स्वयंपाकी काय कामाचा?" मी म्हटलं, थोडं थांब. तो म्हणाला, "कशासाठी?" त्या माणसाकडून तो चमचा काढून घेतला तर मागे काय उरेल, हे मला कळत होतं, आणि मला अतिशय भीती वाटत होती.

मला जमण्यासारखं काय आहे ते शोधत मी दुकानांतून हिंडले आणि पास्त्याचं पाकीट आणि तयार सॉसची बाटली घेऊन आले. एकासाठी पाणी उकळायचं, दुसरीचं झाकण उघडायचं. म्हटलं, यात बिघडवायला जागाच कुठे आहे? माझ्या कर्तबगारीचा मलाच अंदाज नव्हता. पहिल्या दिवशी पास्त्याचा गोळा झाला आणि सॉस भिंतीवर उडाला. जो ताटलीत उरला त्याचे नवऱ्याने चार घास खाल्ले आणि म्हणाला, "छान आहे."

छान! मी मोरीत जाऊन रडले. तीनशे माणसांच्या जेवणात खोट काढणारा माझा नवरा त्या लगद्याला छान म्हणत होता.

मग मी बेबीला फोन केला. बेबी म्हणजे माझी धाकटी नणंद, वय वर्षं एक्कावन्न. दुसऱ्या शहरात राहते आणि भावाच्याच वळणावर गेली आहे.

"वहिनी, बाटली नुसती उपडी करून गरम करतेस ना?"

"मग काय, थंड वाढू?"

"अगं, बाटलीतला सॉस म्हणजे अर्धा झालेला स्वयंपाक. उरलेला अर्धा आपण करायचा असतो. कांदा बारीक चिर आणि मंद आचेवर परत. चांगली वीस मिनिटं. घाई करू नकोस. लसूण नंतर टाक, नाहीतर जळेल. मग सॉस ओत. बाटलीत घोटभर पाणी घालून खळखळव, तेही ओत. पंधरा मिनिटं शिजू दे. पास्ता शिजवलेलं पाणी फेकून देऊ नकोस, वाटीभर त्यात घाल, म्हणजे सॉस पास्त्याला धरून राहतो. गॅस बंद केल्यावर लोण्याचा तुकडा. आणि मुख्य म्हणजे चव घे. दर वेळी चव घे, वहिनी!"

हे सगळं मी दुकानातल्या एका कार्डाच्या पाठीवर उतरवून घेतलं. शेवटचं तेवढं लिहिलं नाही. चव घेणं हे या घरात माझं खातं नव्हतं.

मात्र मी नेमाने करत राहिले. कांदा परतायला शिकले. वीस मिनिटं ढवळत उभं राहायला मला कंटाळा येत नाही, दुकानात तेच तर करते. तिसऱ्या की चौथ्या वेळी शेजारीण चव बघायला आली आणि तिने चक्क अजून मागून घेतलं. नवरा प्रत्येक वेळी चार घास खायचा, छान म्हणायचा आणि ताटली सरकवायचा. आता तर शनिवार उजाडला होता. त्याने सोमवारसाठी शर्टाला इस्त्रीही करून ठेवली होती.

रविवारी संध्याकाळी मी ठरवलं, आज असा सॉस करायचा की याने ताटली पुसून खाल्ली पाहिजे. कांदा, लसूण, सगळं बेबीने सांगितलं तसं केलं. सॉस रटरटायला लागला, आणि मी त्याच्याकडे पहिल्यांदाच नीट, दुकानातल्या नजरेने बघितलं. लाल. खोटा, भडक, हलक्या प्रतीच्या डब्यातला लाल. आणि बाटलीवरच्या चित्रात? खोल, विटकरी, तपकिरीकडे झुकलेला, बघूनच भूक लागावी असा. माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. इतके दिवस हेच तर चुकत होतं! समोर नमुना असून मी तो जुळवतच नव्हते.

यापुढे जे झालं त्याचा दोष पूर्णपणे माझ्या धंद्याला जातो, निदान मी तरी तो तिकडेच देते. लाल मारायला हिरवा हवा, म्हणून पालक वाटून घातला. दोन चमचे. कार्डावर बोट फासलं, बेडरूममधून ड्रायर आणला, वाळवलं. चिखल. जरा उजळायला दूध घातलं. गुलाबी चिखल. आता याला खोली द्यायची तर तपकिरी पाहिजे, आणि घरात तपकिरी म्हणजे एकच, कॉफी. एक चमचा घातली, फासलं, वाळवलं. जवळ आलं. आणखी दीड चमचा. फासलं, वाळवलं, बाटलीशेजारी धरलं. काय सांगू, तंतोतंत! मशीनलासुद्धा इतका जुळवता आला नसता. मी इतकी हरखून गेले की मीठ घालायचं राहिलं हेही लक्षात आलं नाही. वर लोण्याचा तुकडा सोडला आणि ताटली त्याच्यापुढे ठेवून हाताची घडी घालून उभी राहिले.

त्याने घास घेतला. चावता चावता थांबला. कपाळाला आठी पडली.

"यात काय घातलंयस तू?"

"का? काय झालं?"

"कडूजहर आहे हे! थांब जरा... कॉफी? कॉफी घातलीस टोमॅटोत?"

आता इथे एखाद्या शहाण्या बाईच्या लगेच लक्षात आलं असतं. पण इतके दिवस रोज छान ऐकून मी बिघडले होते. माझं डोकंच फिरलं.

"दीड तास उभी आहे मी! रंग बघ जरा, रंग! चित्रात आहे तस्साच जुळवलाय!"

"रंग खायचा असतो का? भिंत रंगवायला घेतली होतीस?"

"तुला मेलं कौतुकच नाही कशाचं!"

"कशाचं कौतुक करू? जळका वास मारतोय नुसता. बेबीला सांगतोच, बघ, काय शिकवलं आणि काय केलंस ते." आणि त्याने खरोखरच फोन उचलला. मी ऐकावं म्हणून स्पीकर लावला आणि ओरडला, "बेबी, तुझ्या वहिनीने सॉसमध्ये कॉफी घातलीय! ऐकतेस का? कॉफी! वर मलाच बोलतेय!"

पलीकडून अगदी हळू बेबीचा आवाज आला, "दादा, तुला कळलं?"

"न कळायला काय झालं? ढीगभर घातलीय, कुणालाही कळेल..."

तो थांबला. फोनमधून बेबीच्या हुंदक्यांचा आवाज यायला लागला, आणि आम्ही दोघं अर्धवट उघड्या तोंडांनी एकमेकांकडे बघत राहिलो. मी खुर्ची ओढून बसले.

त्याने ताटलीकडे बघितलं, पण काटा उचलेना. तो घाबरला होता. पहिला घास चुकून कळला असला तर? दुसऱ्याला परत कापूसच लागला तर? माझ्याही मनात तेच होतं, आणि आयुष्यात पहिल्यांदाच मी मनापासून म्हणत होते, माझ्या हातचं जेवण वाईट लागू दे.

शेवटी त्याने डोळे मिटून घास घेतला. बराच वेळ तो तोंडात घोळवत राहिला.

"कडू," तो म्हणाला. "कडू आहे. आणि मीठ नाहीये यात."

"लसूण? लसूण लागतोय का रे?"

त्याने परत घोळवलं, मान हलवली. "नाही. लसूण अजून नाही." डोळ्यांतलं पाणी त्याने मनगटाने पुसलं. "बेबी, उद्या मॅनेजरकडे नाही जात मी. ठेव फोन, जेवू दे मला."

मी मीठ आणायला उठले, पण बरणीचं झाकण माझ्याच्याने निघेना. त्यानेच ते काढून दिलं. मग त्याने तो कडूजहर पास्ता शेवटच्या तुकड्यापर्यंत संपवला, आणि प्रत्येक घासाला मला नावं ठेवली.