शंका क्रमांक एकतीस

जूनचा दुसरा मंगळवार, सकाळी अकरा. जागा: ठाकूरद्वारचं आमचं ऑफिस, दुसरा मजला. हजर: प्रकाशन संस्थेचे मालक श्रीकांतराव, विक्री बघणारा निनाद, लेखिका प्रणाली तांबे, वय सत्तावीस, परळच्या एका लॅबमध्ये टेक्निशियन, हाफ डे टाकून आलेली, आणि मी, सुलभा परब, संपादक. विषय एकच. प्रणालीच्या पुस्तकाचा शेवट.

"शेवट खोटा वाटतो," श्रीकांतराव म्हणाले. चहासुद्धा अजून आला नव्हता.

"खोटा नाहीये, सर. झालं तसंच लिहिलंय."

"अगं, झालेलं असणं वेगळं आणि खरं वाटणं वेगळं. पुस्तकाला दुसरं लागतं."

पुस्तक म्हणजे प्रणालीचं आत्मकथन. वरळीच्या बीडीडी चाळीतली एक खोली, तिच्यात सात माणसं. आजोबा गिरणीतले, वडील कुरिअरवाले. ही मुलगी भिंतीकडे तोंड करून वाचत बसायची म्हणून चाळीत तिला 'शिष्ट' म्हणत. दादरच्या शाळेत तिच्या बोलण्याला हसायचे, म्हणून ती तिकडचं बोलायला शिकली. ते घरी बोलली की "आली मोठी दादरवाली!" दोन्हीकडे पाहुणी. अंघोळीला खोलीतच मोरी, मोरीला पडदा, पडद्यापलीकडे आजोबा पेपर वाचत बसलेले. शेवटच्या प्रकरणात चाळ जाते आणि टॉवरमधल्या फ्लॅटची किल्ली मिळते. पहिल्याच दिवशी ती बाथरूमचं दार आतून लावते आणि पालथ्या बादलीवर पाऊण तास नुसती बसून राहते. दार कोणी वाजवत नाही. तिला चाळ आठवत नाही. तिला बरं वाटतं. पुस्तक संपतं.

निनादने लॅपटॉप उघडला. "मॅम, चाळ सोडताना माणूस रडलेला लागतो. रील करायचं तरी कशावर? गॅलरी, गणपती, शेजारची काकू..."

"शेजारची काकू माझी वही उघडून मोठ्याने वाचायची. सगळ्या मजल्याला," प्रणाली म्हणाली. "आहे की पुस्तकात. प्रकरण चार. तुम्ही वाचलंय ना?"

निनादने लॅपटॉप थोडा मिटला.

मग श्रीकांतरावांनी ड्रॉवरमधून कागद काढले. माझी शंका-यादी. हस्तलिखित वाचताना संपादकाला जे जे खटकतं ते क्रमांक घालून लिहायचं, लेखकाला पाठवायचं, आणि लेखकाने प्रत्येक क्रमांकासमोर उत्तर द्यायचं, अशी आमची पद्धत. प्रणालीच्या यादीत बेचाळीस शंका होत्या. बहुतेक साध्या. आजीचं वय दोन ठिकाणी वेगळं, मावशीचं लग्न आधी की बारसं आधी, अशा.

"क्रमांक एकतीस," श्रीकांतरावांनी वाचलं. "'शेवट खरा वाटत नाही. चाळीची ओढ कुठेच दिसत नाही. दोन परिच्छेद वाढवता येतील का?' हे मी नाही म्हणत हो. सुलभाताईच म्हणतायत. आणि ताई स्वतः लालबागच्या. चाळीत वाढलेल्या. त्यांना कळत नसेल?"

अक्षर माझंच होतं. खाली दुहेरी रेघही माझीच.

"नारायण घाडींच्या कादंबरीचं आठवतंय ना?" ते मला म्हणाले. "गिरणी कामगाराचा मुलगा. वडिलांचं लॉकर रिकामं करताना तो हसत होता मुळात. तुम्ही त्याला रडवलंत. अजून लोक त्या पानाबद्दल बोलतात."

प्रणालीने माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. लॅबमध्ये रिपोर्ट दोनदा तपासतात तसं.

"मॅडम, तुम्हाला कशाची ओढ वाटते? लालबागची?"

माझ्याकडे याचं तयार उत्तर होतं. ग्रंथालयांच्या कार्यक्रमांत, कॉलेजांत मी ते कितीदा दिलंय. एकमेकांना दिलेली वाटीभर भाजी, उघडी दारं, कोणाचंही मूल कोणाकडेही जेवतं. लोक माना डोलावतात. खोटंही नाही ते. पण लग्न होऊन प्रभादेवीला आले तेव्हा पहिल्या आठवड्यात मी कशावर खूश होते? नवऱ्यावर नाही, समुद्राच्या वाऱ्यावर नाही. बेडरूमच्या कडीवर. दुपारी कोणी नसताना मी ती उगाच लावायची आणि काढायची. हे मी आजवर कोणाला सांगितलं नव्हतं. स्वतःलासुद्धा नीटसं सांगितलं नव्हतं.

ते मी तिथे सांगितलं. तिघांसमोर. तेवढ्यात चहा आला, त्यामुळे चहावाल्यासमोरही.

मग पेन घेतलं आणि एकतीस नंबरवर काट मारली.

"ही शंका मी मागे घेते. ती पुस्तकावर नव्हती. माझ्यावर होती."

"ताई, हे कबुलीजबाब वगैरे ठीक आहे," श्रीकांतराव म्हणाले. "पण शेवट असाच राहिला तर पुढच्या वर्षी बघू."

आमच्या धंद्यात 'पुढच्या वर्षी बघू' याचा अर्थ वाचकांना माहीत असावा म्हणून सांगते: नाही. प्रणालीला तो माहीत नव्हता. तिने बॅगेतून छोटी डायरी काढली आणि "पुढच्या वर्षी कधी?" असं विचारलं. निनादने लॅपटॉप पूर्ण मिटला. तिला कळलं. डायरी बंद करून ती उभी राहिली.

"सर, मी लहानपणापासून सगळ्यांना हवी तशी बोलत आलेय. शाळेत एक, घरी एक. हे एवढंच पहिल्यांदा माझ्यासारखं लिहिलंय. यात पण तुम्हाला हवी तशी रडू? नाही छापलंत तर नका छापू."

आणि ती ड्युटीवर गेली. चहा तसाच राहिला.

दोन दिवसांनी श्रीकांतरावांनी मला केबिनमध्ये बोलावलं. आवाज मऊ होता. मला त्यांच्या मऊ आवाजाचीच भीती वाटते.

"तुम्ही एक उपसंहार लिहा. दोन पानं. तिच्याच शैलीत. चाळ पाडताना ती बघायला जाते, एक वीट उचलून आणते, असं काहीतरी. नवीन मुलगी आहे, छापलेलं पुस्तक हातात पडलं की काही बोलणार नाही. घाडी बोलले होते का काही?"

तेवढ्यासाठी मी त्यांची आभारी आहे. घाडींचं नाव त्यांनी काढलं नसतं, तर कदाचित मी ती वीट लिहिलीही असती. लिहिता येते मला. हात बसलाय.

"नाही लिहिणार," मी म्हटलं.

"मग दुसऱ्या कोणाकडून घेतो."

"घ्या. पण मी सही करणार नाही."

सहीचं सांगायला हवं. शेवटचं प्रूफ वाचून झालं की संपादक पहिल्या पानावर 'छपाईस हरकत नाही' असं लिहून सही करतो. त्या सहीशिवाय आमचं कुठलंच पुस्तक मशीनवर चढत नाही. हा नियम श्रीकांतरावांच्या वडिलांचा. वडिलांचा फोटो त्यांच्या खुर्चीच्या बरोबर मागे आहे. त्यांना तो दिसत नाही, समोर बसणाऱ्याला दिसतो. मी फोटोकडे बघत बसले.

"कुठे बघताय?"

"तुमच्या मागे."

ते वळले नाहीत. टेबलावरचं पेपरवेट फिरवू लागले.

"तुम्हाला रिटायर व्हायला किती वर्षं आहेत, ताई?"

"सहा. सहाही वर्षं अशीच वागणार आहे. यादीत लिहून ठेवू?"

ते हसले नाहीत. पण पेपरवेट थांबलं. "तुमच्या जबाबदारीवर. पुस्तक पडलं तर उत्तर तुम्ही द्यायचं."

"द्यायचं," मी म्हटलं, आणि त्यांच्यासमोर वहीत लिहिलं. तारखेसकट.

कव्हरवर गॅलरी आणि वाळणारे कपडे नकोत, एवढी एकच अट प्रणालीने घातली. निनाद दोन दिवस कुरकुरला. तिसऱ्या दिवशी त्यानेच स्केच आणलं: पांढऱ्या टाइल्स आणि मधोमध पालथी निळी बादली. "मॅम, आमच्या घरी मी आणि भाऊ एका खोलीत," एवढंच म्हणाला.

पुस्तक आलं. फार गाजलं नाही. एका परीक्षणात 'ओलावा कमी पडला' असं आलं. एका गृहस्थांनी पोस्टकार्ड टाकलं की आजच्या पिढीला मुळांची किंमत नाही. मी उत्तर पाठवलं: मुळांनाही जागा लागते. कबूल केल्याप्रमाणे उत्तरं मीच देत होते.

पण ऑफिसच्या फोनवर बायका फोन करू लागल्या. पुस्तकाबद्दल कमी बोलायच्या. आपण आयुष्यात पहिल्यांदा एकट्या कुठे बसलो ते सांगायच्या. गच्चीवरच्या टाकीमागे. बँकेच्या रेकॉर्ड रूममध्ये. बाळंतपणात हॉस्पिटलच्या खाटेवर, पडदा ओढल्यावर. मी सवयीने यादी करायला घेतली. तिसऱ्या पानावर सोडून दिली.

प्रणालीचा फोन आला तो वेगळ्याच कारणाने. तिच्या आईने शेवटचं प्रकरण वाचलं, पुस्तक ओट्यावर ठेवलं आणि बाथरूममध्ये गेली. पाऊण तासाने बाहेर आली.

"काय म्हणाल्या?"

"'कोणी दार वाजवूक नाय गो,' म्हणाली. आणि कांदा चिरायला बसली."

या प्रकरणातून मी शिकले ते व्यवहारापुरतं आहे. 'खरं वाटत नाही' असं लिहिण्याआधी कोणाला वाटत नाही, ते कंसात लिहायचं. आता माझ्या प्रत्येक शंका-यादीत तसा कंस असतो. बहुतेक वेळा त्यात माझंच नाव येतं आणि शंका तिथेच मिटते.

घाडींनी तेव्हा एवढंच म्हटलं होतं, "तुम्ही म्हणता तसं, मॅडम." दुसरं पुस्तक त्यांनी दिलं नाही. मी विचारलंही नाही. मुलगा हसतो ती मूळ पानं माझ्या कपाटात खालच्या खणात आहेत, टाचणीसकट. नवी आवृत्ती काढायची आहे. कुठलं पान छापायचं ते त्यांना विचारायला हवं. नंबर जुन्या डायरीतून काढून वहीत उतरवलाय.

'घाडींना फोन.' रोज सकाळी नव्या यादीत सगळ्यात वर लिहिते. कालच्या यादीत खालची नऊही कामं झाली.