आतोबांचा मार्गळीतला भात

तंजावुरात थंडी पडते, हे साऱ्या जगात फक्त आमच्या आतोबांना ठाऊक होतं. डिसेंबरात तमिळ मार्गळी महिना लागला, देवळाच्या कर्ण्यातून पहाटेची गाणी सुरू झाली, की ते माकडटोपी चढवत, गळ्याला मफलर गुंडाळत आणि घरातल्या प्रत्येकाला बजावत, "कान झाका, पोटात ऊन भात घाला, मग बाहेर पडा." आत आमचा पंखा चालू असे. त्यांची बायको, म्हणजे माझी आत्या, लवकर गेली, मूलबाळ नव्हतं, म्हणून बाबांनी त्यांना राजवाड्यामागच्या गल्लीतल्या आमच्या दोन खोल्यांत आणलं. आल्या दिवशीच त्यांनी सकाळची चूल ताब्यात घेतली. आई नको नको म्हणाली, तर म्हणाले, "मी काय पाहुणा आहे, नुसता बसून जेवायला?"

तो भात म्हणजे एक प्रकरणच होतं. तांदूळ आणि मूगडाळ पोंगलसारखी मऊ शिजवलेली, वर तुपात मिरी, आलं, कडिपत्ता. इथवर सगळं तमिळ. मग त्यात वांग्याच्या फोडी, घरी कुटलेला धणे-खोबऱ्याचा मसाला आणि शेवटी मूठभर मेतकूट. समोरच्या तमिळ मामी डबा परत करताना न चुकता सांगायच्या, "चांगलं आहे, पण हा पोंगल नव्हे." पुण्याहून आलेले एक पाहुणे म्हणाले, "मसालेभात जरा गिचका झालाय हो." आतोबा शांतपणे म्हणाले, "गिचका नाही झाला. थंडीनं एकमेकाला चिकटून बसलाय." पाहुण्यांनी तीनदा मागून घेतला.

आमच्याकडे देवाला नैवेद्य दाखवल्याशिवाय अन्नाची चव घेत नाहीत. रांधणाऱ्यानंही नाही. त्यामुळे आतोबा मीठ नाकानं बघत. कुकरचा त्यांना तिटकारा. शिट्टीत भाताचं बोलणं ऐकू येत नाही म्हणत. पातेल्यावर वाकायचे, डोळे मिटायचे, लांब श्वास घ्यायचे आणि म्हणायचे, "अर्धा चमचा मागतोय." मिठाला कुठला आलाय वास? पण कधी चुकले नाहीत.

आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. बाबा आठवीपर्यंत, आई त्याहून कमी. कुंभकोणमच्या कॉलेजची माझी बस सव्वासहाला, आणि तीन वर्षांत एकही हिवाळी सकाळ अशी गेली नाही, की मी त्या भाताविना निघाले. परीक्षेच्या दिवशी डब्यात काजू दुप्पट असायचे, आणि वर तमिळ लाडाचं 'मा' लावून, "नीट लिही मा." वाटेत पापनाशमला चढणारी माझी मैत्रीण आधी डब्याची चौकशी करायची, मग माझी. पदवीचा कागद आणला तेव्हा आतोबांनी तो उलटसुलट बघितला आणि बाबांना म्हणाले, "निम्मा माझा आहे."

मग एका पावसाळ्यात त्यांना ताप आला. ताप उतरला, पण जाताना नाक आणि जीभ दोन्ही घेऊन गेला. हे त्यांनी कुणालाच सांगितलं नाही. मार्गळी लागताच टोपी घालून चुलीपुढे उभे राहिले. एक दिवस भात खारट, दुसऱ्या दिवशी अळणी. पण नैवेद्याला नाव ठेवायचं नाही, हीही आमच्याकडची रीत. आई लोणचं पुढे सरकवायची, बाबा पाणी पिऊन पिऊन गिळायचे. आतोबा रोज रिकाम्या ताटांकडे बघायचे आणि त्यांचा जीव भांड्यात पडायचा.

मी तेव्हा नुकतीच नोकरीला लागले होते. खरं ते तोंडावर बोलायचं, हा माझा मूळचाच स्वभाव. पदवीनं त्याला जरा जास्तच धीर दिला होता. एका सकाळी घाईत बोलून गेले, "आतोबा, आज मीठच नाही. काल दुप्पट होतं."

बाबांचा घास हातातच राहिला.

"किती दिवस झाले मा?" आतोबांनी विचारलं.

"महिना लागल्यापासून."

ते देव्हाऱ्याकडे वळले. म्हणाले, "यानंही सांगितलं नाही."

दुसऱ्या दिवशी ते चुलीकडे फिरकले नाहीत. आई म्हणाली, "तुम्ही करा हो, मीठ तेवढं मी घालते." ते म्हणाले, "मग तो तुझा भात झाला." दारापुढच्या ओट्यावर जाऊन बसले. हाक मारली तरच जेवायला आत यायचे, आणि खरोखरच पाहुण्यासारखे संकोचून बसायचे.

चार दिवस मला ते बघवलं, पाचव्या दिवशी बघवेना. पहाटे उठून मी आठवेल तसा तो भात केला. नैवेद्य झाल्यावर पहिलं ताट त्यांच्यापुढे ठेवलं आणि विचारलं, "कसा झालाय? काय कमी आहे?"

त्यांनी घास घेतला. हळूहळू चावला. त्यांना काही कळत नव्हतं, हे मला ठाऊक होतं. मला ते ठाऊक आहे, हे त्यांनाही. माझ्याकडे बघून ते म्हणाले, "मिरी कमी पडलीय मा."

"उद्या वाढवते."

ती त्यांची शेवटची मार्गळी. दुसऱ्या दिवशी मी मिरी दुप्पट घातली. तिखटानं आई, बाबा, मी, सगळ्यांच्या डोळ्यांना धारा लागल्या. आतोबा मात्र ताठ बसून प्रत्येकाच्या ताटाकडे बघत होते, "आता बरोबर झाला," म्हणत होते, आणि आम्ही डोळे न पुसता माना डोलावत होतो.