आमचं पेव बंद होतं

आमच्याकडं म्हाताऱ्या माणसाला वय विचारलं की तो सन सांगत नाही. 'ॲक्शनच्या साली मी ढोरामागं जायचो' एवढंच सांगतो, पुढचा हिशेब आपण करायचा. परभणी जिल्ह्यातल्या कुठल्याही पारावर हे चालतं. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत नोकरीभर इतिहास शिकवला, त्यामुळं हा हिशेब मला तोंडपाठ आहे. निजामाच्या राज्यात भारताची फौज शिरली अठ्ठेचाळीसच्या सप्टेंबरात, आणि पाच दिवसांत सगळं आटोपलं.

लढाई पाच दिवसांची, पण तिला म्हणायचं काय हा वाद मी सेवानिवृत्त झालो तरी मिटलेला नाही. सरकारी भाषेत ती पोलीस कारवाई, म्हणजे जणू दोन हवालदार येऊन बांधावरचं भांडण सोडवून गेले. आमच्या झेंडावंदनाला ती मुक्तिसंग्राम. कुणी विलीनीकरण म्हणतं. एकदा हैदराबादेत एका लग्नाच्या पंगतीत शेजारी बसलेल्या वृद्ध गृहस्थांनी तिला 'सुकूत' म्हटलं, म्हणजे पाडाव, आणि घास हातात तसाच धरून बसले. मला त्यांचा चांगलाच राग आला होता. राज्य जुलमी होतं आणि ते गेलं हे बरं झालं, याबद्दल मला तेव्हा शंका नव्हती आणि आजही नाही. पण हातात घास धरलेला तो माणूस काही डोक्यातून जात नाही.

आमच्या घरात मात्र या लढाईला एकच नाव होतं: पेव. आता पेव म्हणजे काय हे नव्या पोरांना सांगावं लागतं. जमिनीत खोदलेलं धान्याचं कोठार. तोंड एक माणूस उतरेल एवढंच, आत पोट मोठं. कडेनं कडबा लावायचा, ज्वारी भरायची, वर शिळा ठेवून मातीनं लिंपून टाकायचं. फौज यायच्या आधी रजाकारांची टोळी गावावर चालून आली, तेव्हा आमच्या आजोबांनी घरातल्या आणि आळीतल्या बायालेकरांना आमच्या पेवात लपवलं आणि सगळे वाचले. ही गोष्ट मी लहानपणी ऐकली, मोठेपणी वर्गात सांगितली. सांगताना छाती फुगायची हेही कबूल करतो.

यंदा ग्रामपंचायतीनं मनावर घेतलं. सरपंचबाईंचे यजमान, म्हणजे गावचे खरे सरपंच, सकाळीच माझ्या ओसरीवर आले. माझाच विद्यार्थी. इतिहासात कायम काठावर पास, पण बोलायला एकदम पक्का.

"सर, तुमचं पेव आपण बांधून काढायलाव. फरशी, रेलिंग, झेंड्याचा खांब. सतरा सप्टेंबरला उद्घाटन. 'शौर्यभूमी' नाव ठरलंय."

"अरे, लपण्याला शौर्य कुठून आणलंस?"

"लोकाला आवडतंय सर. तुमी फकस्त पाटीवरचा मजकूर लिवून द्या."

लपण्याला शौर्य म्हणायला माझी तशी हरकत नव्हती. मी असतो तर मीही लपलो असतो, आणि सगळ्यांच्या आधी. फरशीचा ट्रॅक्टर आमच्या पेवाजवळ येऊनही थांबला होता. मजकूर नीट व्हावा म्हणून मी वालूरला आत्याकडं गेलो. वडलांची ही थोरली बहीण. त्या पेवात बसलेल्यांपैकी आमच्या घरातली आता एवढी एकच उरलेली. ऐंशी कधीच ओलांडली आहे, पण सुना अजून तिच्यासमोर डोक्यावरचा पदर सरळ करतात.

मी मोठ्या हौसेनं सगळं सांगितलं. फरशी, रेलिंग, खांब. आत्यानं शेंगा फोडायचं थांबवलं.

"कोणाचं पेव मनलास?"

"आपलं. रस्त्याकडंचं."

"आपलं पेव बंद व्हतं बाबा," आत्या म्हणाली. "बंद पेवात कोणी उतरतंय का? जितं माणूस वर येत न्हाई."

आणि मी एकदम ओशाळलो, कारण हे मला माहीत होतं. कुणालाही माहीत असायला हवं होतं. बंद पेवात वाईट हवा साचते. ते उघडलं की तोंड मोकळं ठेवायचं, दुसऱ्या दिवशी दोरीनं कंदील खाली सोडायचा, आणि ज्योत टिकली तरच माणूस उतरवायचा. माझे वडील असंच करायचे, मी शेजारी उभं राहून पाहिलेलं आहे. टोळी गावाच्या शिवेवर आलेली असताना कंदील सोडायला वेळ कुणाला होता? त्या दिवशी लपायला पेव हवं होतं ते आधीच उघडलेलं. एवढी साधी गोष्ट, आणि सगळ्या गावानं इतकी वर्षं आम्हाला बंद पेवात बसवून जिवंत बाहेर काढलं. पेवं बुजली, सोयाबीन शेतातून थेट मोंढ्याच्या बाजारात जायला लागलं, आणि गोष्ट सांगणारा कुणी थांबून विचारीना.

"मग कोणाच्या पेवात होतात तुम्ही?"

"चाचाच्या."

चाचा म्हणजे आमच्या भिंतीला भिंत लागून असलेला मुसलमान शेतकरी. त्याच्या घरातली ज्वारी संपली होती म्हणून त्यानं आठवड्यापूर्वीच पेव उघडलं होतं. टोळी येतेय असं कळल्यावर त्यानं स्वतः आमच्या बायालेकरांना एकेक करून खाली उतरवलं, शिळा जराशी तिरपी ठेवली, वर कडब्याच्या पेंढ्या टाकल्या आणि तिथंच बैल बांधून वैरण घालत बसला. टोळीवाल्यांनी विचारलं तर म्हणाला, हे माझं घर आहे, इथं माझ्या बैलाशिवाय कुणी नाही. त्याची मुलगी आत्याच्या वयाची, दोघी सागरगोटे खेळायच्या. तीसुद्धा त्या दिवशी हट्टानं आत्यासोबत पेवात उतरली होती. आत्याला आतला अंधार आठवत नाही, मैत्रिणीचा घट्ट धरलेला हात आठवतो.

मला आनंदच झाला. गोष्ट आधीपेक्षा चांगली निघाली होती. मी म्हणालो, पाटी आता चाचाच्या पेवावर लावू, त्याचं नाव मोठ्या अक्षरांत लिहू. आत्यानं पुन्हा शेंगा फोडायला घेतल्या.

"पुढचं बी लिवणार का?"

पुढचं मला कुणी कधी सांगितलेलं नव्हतं. फौज आली, निजाम शरण गेला, आणि वारं फिरलं. बाहेरगावचे जमाव हिंडायला लागले. रजाकारांनी केलेल्याची भरपाई ज्यानं काहीच केलं नाही त्याच्याकडून करायची, असा तो हिशेब. मुसलमानाला आसरा देईल त्याचंही घर पेटवू, अशी दवंडीच होती. एके दुपारी चाचा, चाची, ती मुलगी आणि तिचा लहान भाऊ आमच्या दारात उभे राहिले. आजोबा ओसरीवर होते. ते उठून आत आले.

"बा मनला, कडी लाव. मी लावली," आत्या म्हणाली. "माझ्या हातानं."

ते चौघं उभ्या ज्वारीत जाऊन लपले. भाद्रपदातला पाऊस, दोन रात्री तिथंच. पुढं ते परभणीला नातेवाइकांकडं पोचले, पण लहान भाऊ तापानं गेला. गावात ते परत राहायला आले नाहीत. मुलगी मोठी झाल्यावर ताडकळसला दिली, एवढं आत्याला ठाऊक होतं. कधी भेटलीस का विचारलं तर म्हणाली, "कोणत्या तोंडानं भेटू?"

मला आजोबांचा राग आला, आणि लगेच त्यांची कीवही आली. त्यांना चार लेकरं होती. त्या दुपारी मी त्यांच्या जागी असतो तर कडी उघडली असती असं छातीवर हात ठेवून मला सांगता येत नाही. पण इतिहासाचा मास्तर म्हणून एक सांगता येतं. राष्ट्रांचंही असंच असतं. वाचलो ती दुपार सगळ्यांना पाठ असते, कडी लावली ती दुपार कुणाच्याच पुस्तकात नसते. फक्त राष्ट्राची कडी कुणी लावली ते कळत नाही, आणि इथं ती लावणारी माझ्यासमोर शेंगांची टरफलं चिवडत बसली होती.

"लिवायचं तर समदं लिव," आत्या म्हणाली. "न्हाईतर पाटी लावू नको. पोखर्णीच्या नरसिंहाच्यान सांगते, मी मरायच्या आधी चाचाच्या पोरीला हे सांगायचं हाय. कडी बानं न्हाई, मी लावली."

गावात येऊन मी पहिली लढाई जिंकली. चाचाचं ऐकून सरपंचबाईंच्या यजमानांनी डोकं खाजवलं. "सर, आपल्या कार्यक्रमात त्यांचं नाव? लोक काय मनतील?" मी त्याला हाताला धरून पारावर नेलं आणि म्हाताऱ्यांना विचारलं, बंद पेवात उतरलं तर काय होतं? सगळे एकदम बोलायला लागले. कुणाचा तरी मामा त्यातच गेला होता. मग विचारलं, ॲक्शनच्या साली आमचं पेव उघडं होतं का? जो तो दुसऱ्याकडं बघायला लागला. शेवटी एकजण म्हणाला, "चाचाचं उघडं व्हतं की." बस्स. संध्याकाळी फरशीचा ट्रॅक्टर तिथून हलला आणि आमच्या भिंतीपलीकडं, चाचाच्या जुन्या जागेवर गेला. यजमान अजून माझ्यावर थोडे फुगलेले आहेत. फुगू देत.

दुसरी लढाई ताडकळसला होती. दाराचं लिहायचं तर जिच्या तोंडावर ते बंद झालं तिला आधी विचारायला पाहिजे, असं मी ठरवलं. आत्याला घेऊन आठवडी बाजाराच्या दिवशी गेलो. दोन जणांना विचारल्यावर घर सापडलं. पुढं मोटारसायकल दुरुस्तीचं दुकान, मागं घर, आणि अंगणात बाजेवर एक म्हातारी. आत्यानं तिला लांबूनच ओळखलं. तिनंही ओळखलं. कुणी गळ्यात पडलं नाही. ती थोडी सरकली आणि आत्या बाजेवर तिच्याशेजारी बसली.

दुकानातून तिचा नातू हात पुसत आला. आम्ही कुठल्या गावचे, कुणाच्या घरचे ते कळल्यावर त्याचा चेहरा उजळला. तो वाकून आत्याच्या पाया पडला.

"दादी हमेशा सांगती. तुमच्या वडलांनी दार उघडलं मनून आमचं खानदान ऱ्हायलं. न्हाईतर आमी कुठून असतो?"

आत्यानं पाय मागं घेतले. ती काही बोलणार तेवढ्यात म्हातारीनं नातवाला चहा सांगायला पाठवलं. तो बाजाराकडं गेला.

"हे काय सांगितलंस तू लेकरांना?" आत्यानं विचारलं.

"मंग काय सांगू? त्यांला इथंच ऱ्हायचं व्हतं. ह्याच लोकांच्या गाड्या दुरुस्त करायच्या, ह्यांच्याच लग्नात जेवायचं. दार लावलं मनून सांगितलं असतं तर माझा पोरगा रोज कोणत्या मनानं दुकान उघडला असता?"

मी मधे तोंड घातलं. पाटीचं सांगितलं, खरं काय ते लिहिलं पाहिजे म्हणालो. मास्तराची खोड. ती माझ्याकडं वळली. आवाज अजिबात चढला नाही.

"पेवाचं लिवा. अब्बाचं नाव लिवा, मोठं लिवा. दाराचं लिवू नका. ते तुमच्या पाटीचं न्हाई, माझं हाय."

मी मान हलवली. जन्मभर ज्याला खोटं म्हणत आलो ते तिनं डोळे उघडे ठेवून, लेकरांसाठी रचलं होतं, आणि ते मोडायचा हक्क मला नव्हता. याबद्दल मला जराही रुखरुख नाही. गावात आज जी पाटी आहे तिच्यावर पेव आहे आणि चाचा आहे. दार नाही.

पण आत्या पाटीसाठी आलीच नव्हती. तिनं मैत्रिणीचा हात धरला.

"कडी बानं लावली न्हाई," ती म्हणाली. "मी लावली."

"माहीत हाय."

"कसं?"

"कडी लागली, आन लगेच आतून रडायचा आवाज आला. तुझा आवाज मला कळत न्हाई का?" म्हातारी बाजाराच्या रस्त्याकडं बघत होती. "अम्मी मनली, पोरगी रडायली, आता उघडतील. मनून आमी तिथंच उभं ऱ्हायलो. लय येळ."