फ्रेंच म्हाताऱ्याच्या तोंडचं वाक्य

इथे आखातातल्या आमच्या मराठी मंडळाने सलवा भागातल्या एका सभासदाच्या घरी प्रेमावरचा एक फ्रेंच लघुपट दाखवला. पडद्यावर एक म्हातारा आणि एक म्हातारी बसथांब्यावर बोलत होती, आणि सबटायटल्स नव्हती. नोकरीत असताना मी एकदा ट्रेनिंगसाठी पॅरिसला गेलो होतो, म्हणून अध्यक्ष म्हणाले, "काका, तुम्हीच अर्थ सांगा."

मला फ्रेंचमध्ये फक्त कॉफी मागता येते. तरी मी उभा राहिलो आणि मनचे संवाद सांगत गेलो. शेवटी म्हातारा काहीतरी पुटपुटला. मी म्हणालो, "तो म्हणतोय, तू शेजारी असलीस की परका मुलूख परका वाटत नाही."

मागच्या रांगेत बायकांनी डोळे पुसले. पुरुषांनी फ्रेंच संस्कृतीच्या खोलीवर चर्चा करत बटाटेवडे संपवले.

एगैलाला आमच्या घरी परतताना गाडीत बायको म्हणाली, "अहो, किती छान बोलला तो. इतकी वर्षं इथे काढली, तुम्हाला नाही कधी असं सुचलं."

ते वाक्य माझंच होतं, तिच्यावरूनच सुचलेलं. पण मंडळातली पत जाईल म्हणून मी म्हणालो, "फ्रेंच लोकांना जमतं ते."

"हो ना," म्हणून ती खिडकीबाहेर बघत राहिली.

मंडळात अजून त्या लघुपटाच्या लेखकाची तारीफ होते. म्हणून स्पष्ट लिहितो, म्हातारा बहुधा बसची वेळ विचारत होता. आज सकाळी हे मी बायकोलाही सांगितलं.

"मग तेव्हा गाडीत का नाही बोललात?" ती म्हणाली. "मी शेजारीच तर बसले होते."