मार्कर, जळगाव

आमच्या क्लबातली मार्कर लोकांची टेनिस स्पर्धा लढाईमुळे बंद पडली, असं वकीलसाहेब सांगतात. लढाईत चेंडू मिळेनासे झाले हे खरं. पण स्पर्धा त्याच्या आदल्या वर्षीच मोडली होती, आणि ती मी मोडली. तेव्हा मी बारा वर्षांची होते.

मार्कर म्हणजे क्लबाचा पगारी खेळाडू. साहेबलोक, वकील, डॉक्टर यांच्याशी सकाळ-संध्याकाळ खेळायचं, नवख्यांना शिकवायचं, जाळी बांधायची, चुन्याच्या रेघा मारायच्या. माझे वडील, म्हणजे आबा, जळगावच्या क्लबाचे मार्कर. पगार घेणाऱ्याला सभासदांच्या सामन्यांत खेळता येत नसे. म्हणून दर हिवाळ्यात धुळे, भुसावळ, अमळनेर, चाळीसगाव इथल्या मार्करांची निराळी स्पर्धा आमच्याकडे होई. जिंकणाऱ्याला कोट आणि फेटा मिळे. कप क्लबाच्या कपाटात राही.

कोर्ट सारवायचं काम मायकडे होतं. आमची काळी जमीन पाऊस संपला की फाटते. तिच्यावर पांढरी माती ठोकून वर शेणाने सारवावं लागे, तेव्हा कुठे चेंडू सरळ उसळायचा. माय एरंडोलकडची, खळी सारवत मोठी झालेली. ती शेण पाण्यात कालवून फडक्यातून गाळायची आणि ताकासारखं पातळ पाणी एकावर एक चार वेळा हाताने ओढायची. तिच्याबरोबर आणखी तीन बाया असत. खेळ सुरू झाला की चौघी कुंपणाबाहेर उभ्या राहून पाहत. खेळ त्यांना फारसा कळत नसे. चेंडू उसळला की माय मान हलवायची.

आबांची गाठ शेवटच्या सामन्यात नेहमी धुळ्याच्या मार्कराशी पडे. तो उतरायचाही आमच्याच घरी.

"काय भाऊ, औंदा तरी हरशी का नही?" तो ताटावर बसता बसता विचारायचा.

"आधी जेव. उपाशी माणूसले हरवाले माले आवडत नही."

"तुन्ही भाकर खाईसन तुलेच हरावसु, मंग दख!"

माय त्याच्या ताटात मुद्दाम आणखी एक भाकरी टाकायची. "जड व्हऊ दे," म्हणायची.

आबा लागोपाठ दोन वर्षं जिंकले, तेव्हा क्लबाचे सेक्रेटरी असलेल्या वकीलसाहेबांनी चारचौघांत शब्द दिला, "तिसऱ्यांदा जिंकलास तर तुझं नाव बोर्डावर." बोर्ड क्लबाच्या व्हरांड्यात होता. काळ्या लाकडावर सोनेरी इंग्रजी अक्षरं. आबांना कुठलीच अक्षरं वाचता येत नव्हती. एका मडमेच्या शिफारशीने मी मिशनच्या इंग्रजी शाळेत जात होते. ती शाळा मला आवडत नसे. तिथे मी फक्त विचारलं तेवढंच बोलायचे. आबा समजूत घालायचे, "बोर्ड वाचायला घरातलं कुणीतरी पाहिजे ना."

तिसऱ्या वर्षी ते जिंकले. पंधरा दिवसांनी पेंटर येऊन गेला. दुसऱ्या दिवशी दुपारी क्लबात कुणी नसताना आबा मला घेऊन गेले. त्यांनी पायरीखाली वहाणा काढल्या, धोतराला हात पुसले आणि म्हणाले, "वाच."

वरच्या भागात सभासदांच्या स्पर्धेतले विजेते होते, आडनावांसकट, पदव्यांसकट. खाली आमची स्पर्धा. मी वाचलं, "मार्कर, जळगाव. मार्कर, जळगाव. मार्कर, जळगाव."

"पुन्हा वाच."

मी पुन्हा वाचलं. त्यांनी तिसऱ्या ओळीवर बोट ठेवलं. रंग अजून ओला होता, बोटाला सोनेरी डाग लागला.

संध्याकाळी त्यांनी वकीलसाहेबांना विचारलं. मी रॅकेटी पुसत होते. वकीलसाहेब मोठ्याने हसले.

"अरे, हौशी खेळाडूंची नावं लिहितात. तू पगारी. शर्यतीत कप मालकाला मिळतो, घोड्याला चंदी. तुला कोट मिळाला ना?"

आजूबाजूचे चारजण हसले. आबाही हसले. वकीलसाहेबांचं हसणं मी कधीतरी विसरेन, आबांचं नाही.

घरी आल्यावर मी मायला सगळं सांगितलं. तिने ऐकून घेतलं. पुढच्या हिवाळ्यात क्लबाचा शिपाई बोलवायला आला, तेव्हा ती दारातच म्हणाली, "तेस्ले सांग, आते तुमीच सारवी ल्या." बाकीच्या तिघीही गेल्या नाहीत. आबांनी तिला दोन दिवस समजावलं. तिसऱ्या दिवशी ते गप्प बसले.

वकीलसाहेबांनी दुसऱ्या पेठेतल्या बाया लावल्या. त्यांना घरं सारवायची माहिती होती, कोर्टाची नव्हती. त्या मायला विचारायला आल्या. माय चुलीकडे तोंड करून बसली, तिने मागे वळूनसुद्धा पाहिलं नाही. त्या बाया निघाल्या, तेव्हा मी अंगणापर्यंत त्यांच्या मागे गेले.

"जाड लावा," मी म्हणाले. "बोटभर. गाळू नका."

त्यांना ते पटलं. जाड म्हणजे मजबूत, असंच कुणालाही वाटतं.

दिसायला कोर्ट सुरेख झालं. स्पर्धेच्या आदल्या दिवशी सरावाला धुळ्याचा मार्कर उतरला. तिसऱ्याच चेंडूला धावताना त्याच्या पायाखालचं सारवण भाकरीच्या पापुद्र्यासारखं सुटलं. तो एक पाय पुढे, एक मागे असा पडला आणि त्याचा गुडघा फिरला. आबांनी त्याला पाठीवर घेऊन टांग्यात ठेवलं. मग ते कोर्टावर परत आले, एक खपली उचलली, मोडून तिची जाडी पाहिली आणि घरी आणून मायसमोर ठेवली.

"मी त्या बायास्ले काहीच नही सांगं," माय म्हणाली.

आबांनी माझ्याकडे पाहिलं. मी पुस्तकात डोकं घातलं.

स्पर्धा त्या वर्षी रद्द झाली. पुढच्या वर्षी लढाई लागली आणि वकीलसाहेबांना कारण मिळालं. धुळ्याच्या मार्कराचा गुडघा पुन्हा नीट वाकला नाही. त्याची नोकरी गेली. कापसाच्या जिनिंगच्या फाटकावर तो पहारेकरी झाला. वकीलसाहेबांसाठी ठेवलेला घाव त्याच्यावर बसला. त्याचाही दोष मी वकीलसाहेबांनाच देते. आबांना ते मान्य नाही.

यंदा झेंडा बदलला. साहेब गेले, वकीलसाहेब राहिले. क्लबाचा इतिहास छापायचं त्यांनी ठरवलं. इंग्रज गेले तरी पुस्तिका इंग्रजीतच हवी होती, म्हणून मला बोलावणं आलं. "मार्करांच्या स्पर्धेवर दोन पानं लिही. तुझ्या वडिलांच्या कोटाबद्दलही लिही हवं तर. लोकांना आवडेल."

मी आठ दिवसांत लिहून काढलं. एकाही सभासदाचं नाव घातलं नाही. 'सेक्रेटरी, जळगाव.' 'प्रेसिडेंट, जळगाव.' नाव फक्त एकाचं, आबांचं. ते मी पहिल्याच ओळीत लिहिलं. मग सगळं मराठीत करून त्यांना वाचून दाखवलं.

"आणि त्याचं?" त्यांनी विचारलं.

"हरलेल्याचं लिहीत नाहीत, आबा."

"तीनदा शेवटपर्यंत आला तो. लिही." त्यांनी धुळ्याच्या मार्कराचं पूर्ण नाव सांगितलं, बापाच्या नावासकट. मी लिहिलं. "आता त्याचा गुडघा कशाने गेला, तेही लिही."

इतक्या वर्षांत त्यांनी ती गोष्ट पहिल्यांदाच काढली. मी तेही लिहिलं. जाड सारवायला कुणी सांगितलं, हेसुद्धा.

वकीलसाहेबांनी पानं माझ्यासमोरच वाचली. 'सेक्रेटरी, जळगाव'पाशी एकदा थांबले. शेवटच्या ओळीवर आल्यावर त्यांनी चष्मा काढला.

"हे तू केलंस? एवढ्याशा नावासाठी?"

शाळेपासून मला सवय आहे, विचारलं तेवढंच बोलायची.

"एवढंसंच होतं, तर लिहायचं होतं."

त्यांनी पानं टेबलाच्या खणात टाकली आणि खण लावून घेतला. पुस्तिका गेल्या आठवड्यात निघाली. मार्करांच्या स्पर्धेला तीन ओळी आहेत आणि तिसरीत लढाई आहे.

म्हणून मी हे मराठीत लिहिलं. यात मी कुणाचंच नाव घातलेलं नाही, आबांचंसुद्धा. ते लिहायची जागा त्या बोर्डावर आहे. दुसरीकडे कुठे लिहून मी क्लबाची सुटका करणार नाही.