पळसदरीचं कुंपण

कॉलेज संपल्यावर मी आणि माझी एक वर्गमैत्रीण एकाच आठवड्यात जिल्ह्याच्या दैनिकाला कर्जतच्या बातम्या पाठवू लागलो. पुढे ती मुंबईला गेली, मग दिल्लीला, मग परदेशी वर्तमानपत्रात. तिने युद्धं पाहिली, एका देशाने तिला विमानतळावरूनच परत पाठवलं. आता ती तुरुंगात टाकलेल्या पत्रकारांसाठी जगभर भाषणं करते. मी अजून कर्जत-खालापूरच्याच बातम्या देते. मला तिचा हेवा वाटतो, आणि तिला सोडून हे सगळ्यांना ठाऊक आहे.

आमच्या कामाची एक रीत बाहेरच्यांना माहीत नसते. तालुक्याच्या वार्ताहराने बातम्या तर द्यायच्याच, शिवाय वर्धापनदिनाच्या पुरवणीसाठी जाहिरातीही आणायच्या. ज्याच्याविरुद्ध लिहायचं, त्याच्याच दारात शुभेच्छांच्या जाहिरातीसाठी फोटो मागायला जायचं.

गेल्या हिवाळ्यात पळसदरीजवळ एका फार्महाऊसवाल्याने धरणाकडे जाणारी पायवाट तारेच्या कुंपणाने अडवली. कपडे धुवायला, गुरं पाण्यावर न्यायला गावातल्या बायकांना मोठा वळसा पडू लागला. मी फोटो काढले, बातमी लिहिली आणि ठेवून दिली. त्याने पुरवणीत अख्ख्या पानाची जाहिरात कबूल केली होती. त्या बायकांपैकी एकीचा दोनदा फोन आला. "ताई, छापणार का नाय ते सांगा. नायतर आमी दुसरं कुणी बघतो."

त्याच आठवड्यात मैत्रीण आईला भेटायला दहिवलीला आली. इथल्या पत्रकारांनी तिचा सत्कार ठेवला आणि तिची ओळख करून द्यायचं काम माझ्याकडे दिलं. मी दोन मिनिटांत उरकलं. ती तासभर बोलली. नंतर तिच्या आईच्या स्वयंपाकघरात चहा घेताना तिने विचारलं, "तुझं काय चाललंय गं?" मी कुंपणाचं सांगून बसले.

"बातमी कुणी दाबली?"

"मीच."

"धमकी आली होती?"

"धमकी कशाला? पान आलंय."

तिने वही काढली. "हे मला लेखात हवंय. उद्या घेऊन चल तिथे."

"तुला जगात कुंपणं कमी पडली का गं?"

"दोघी कॉलेजातही अशाच होतात," तिची आई म्हणाली. "चहा प्या आधी."

घरी आल्या आल्या मी बातमी पाठवून दिली. तेव्हा त्या बायका डोळ्यांसमोर होत्या असं लिहिता आलं असतं तर बरं दिसलं असतं. डोळ्यांसमोर ती वही होती. एवढं जग घेतलं, आता पळसदरीही हिलाच हवी.

संपादकांचा फोन आला. "मॅडम, पानाचं काय?"

"गेलं समजा."

बातमी आतल्या पानावर, पण पूर्ण छापून आली. ग्रामपंचायतीने फार्महाऊसवाल्याला कुंपणात फाटक करायला लावलं. फोन करणारी बाई म्हणाली, "झालं ते बरं झालं, पण लई दिवस घेतलेत." खरंच होतं ते.

महिनाभराने मैत्रिणीचा परदेशातून फोन आला. एका परिषदेत तिने माझी हकिकत सांगितली होती. छोट्या गावातली निर्भीड पत्रकार, हातचं पान सोडून बातमी देणारी. लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या म्हणे.

"माझं नाव घेतलंस?" मी विचारलं.

"नाही गं, तुझ्या सुरक्षिततेसाठी मुद्दाम टाळलं."

"म्हणजे टाळ्या तुलाच पडल्या."

ती खूप हसली. मी विनोद केला असं तिला वाटलं.